कालखड्याचा उजेड

कालखडा या चमकत्या दगडाच्या निळ्या उजेडात सावल्या एक दिवस उशिरा पडतात, म्हणून कोणी गेलं की दुसऱ्या दिवशी घरचे भिंतीसमोर बसून त्याला शेवटचं बघून घेतात. काल गेलेल्या शिंपीणमावशीच्या दुकानातही सगळे दाटीवाटीने बसले होते. "मी बाजारात होते, आले तेव्हा सगळं संपलं होतं," भाचीने सर्वांना सांगितलं होतं. आता तिच्या तोंडचं पाणी पळालं. "मामा, खडा झाकूया ना, बघवत नाही." "मग डोळे मीट आणि डोकं खाली घे, मागच्यांना दिसत नाही," मामा म्हणाला. भिंतीवर मावशीची सावली मशीन चालवता चालवता छाती धरून वाकली आणि तिने पाण्यासाठी हात पुढे केला. भाचीने इस्त्री उचलून खड्यावर हाणली. सात तुकडे झाले, उजेड मात्र विझला नाही. चहूकडे सात मावश्या हाताची घडी घातलेल्या सात भाच्यांकडे पाणी मागत राहिल्या.