निरगाठ

ओवेन चेंडू टाकायला धावत सुटला आणि निम्म्या वाटेत थांबला. डाव्या बुटाची नाडी सुटली होती.

पंचांनी हात आडवा केला. फलंदाज यष्ट्यांपासून बाजूला झाला. सप्टेंबरची थंडी, ब्लँकेटं पांघरून बसलेले तुरळक म्हातारे, आणि मैदानाच्या मधोमध ताडमाड ओवेन, खाली मान घालून स्वतःच्या बुटाकडे बघणारा. वाकत मात्र नव्हता.

सीमारेषेच्या दोरीपाशी बसलेली नेरिस पुढं सरकून बघू लागली. सकाळी गाडीच्या दाराआड उकिडवी बसून नवऱ्याची ती नाडी तिनंच बांधली होती. ऑगस्टपासून रोज बांधत होती. अंगठा ठेचू नये म्हणून भोक पाडलेला तो डावा बूट मांडीवर घ्यायचा, निरगाठ मारायची, टोकं आत खोचायची. आज नेमकं लेकीचं, मॅबलचं, केळं चिखलात पडलं आणि तिनं भोकाड पसरलं. घाईघाईत सुरगाठीवरच राहिलं.

क्लबातल्या कुणाला कळू नये म्हणून ती दोघं लांबच्या गावी डॉक्टरकडे गेली होती. डॉक्टरांनी फोटो उजेडात धरून सांगितलं, मणक्याला चीर गेलीय. असेच चेंडू टाकत राहिलात तर मुलीमागं धावणं विसरा, काठी घेऊन चालाल. परत येताना ओवेन गाडीत एकच वाक्य बोलला. "कळलं तर नवा करार गेला. हंगाम संपेपर्यंत तोंड शिवून ठेव, नेरिस."

तिनं ठेवलं होतं.

"काय गं, तुझ्या नवऱ्याला पाय सापडेनात की काय?" शेजारची मॉरीन विणता विणता म्हणाली. ती एकही सामना चुकवत नसे. "आमच्या ह्यांचंही असंच व्हायचं. पण ते पोटामुळं."

नेरिस हसली. तेवढ्यात मागं कुणीतरी चहाचा घोट घेतल्याचा आवाज आला. प्रशिक्षक हॅलम. खेळ चालू असताना कप हातात धरून मैदानाला फेरी मारायची त्याला सवयच होती. नेमका आत्ता इथं येऊन ठेपला होता.

मिडऑफला उभा असलेला जॉस ओवेनकडे पळत गेला आणि त्याच्यासमोर गुडघे टेकून बसला. एवढ्याशा मैदानात त्याचा आवाज दोरीपर्यंत आला. "राजेसाहेब, पाय पुढे करा! पॉलिशही मारून देऊ का?"

म्हातारे हसले. ओवेनही हसला. हसताना त्याचा हात कमरेवर गेला, आणि लगेच खाली आला.

"वाकवत नाही का त्याला?" हॅलमनं विचारलं.

"कुठलं काय! नाटकं नुसती," नेरिस म्हणाली. "घरीसुद्धा पडलेला चमचा उचलायला ह्याला बायको लागते."

तिच्या स्वतःच्या कानांना ते खरं वाटलं. हॅलमही हसला, आणि मग मॅबलनं आपला गुलाबी बूट त्याच्यासमोर उचलून धरला.

"माझी ममा बांधते. डॅडीची पण ममाच बांधते, गाडीपाशी. डॅडीच्या पाठीला बाऊ झालाय."

मॉरीनच्या सुया थांबल्या.

नेरिसला काहीतरी बोलायला हवं होतं. पोर आहे, काहीही बोलते, असं. तिनं मॅबलचा पाय नुसता खाली ओढून घेतला. आता हॅलम संघाच्या बाल्कनीकडे हात करील, ओवेनला आत बोलावतील. करार जाईल, घर जाईल, पुढचा हिवाळा कसा काढायचा देव जाणे. आणि तरी तिची नजर हॅलमच्या हातावरच खिळली होती. तो वर जावा म्हणून ती वाट बघत होती. हे तिचं तिलाच उशिरा कळलं.

हॅलमनं कपातला गाळ गवतावर झटकला. धावफलकाकडे पाहिलं.

"तीन गडी राहिलेत," तो म्हणाला. "हा सामना गेला तर आपण खालच्या गटात घसरलो म्हणून समज."

"डॉक्टर म्हणालेत की..."

"मी काही ऐकलं नाही, पोरी." तो हळू बोलत होता, जवळजवळ मायेनं. "कराराचं सामना झाल्यावर बघू. चहाच्या सुट्टीत त्याला गाडीपाशी पाठवतो. तूच बांध. या वेळी निरगाठ मार."

आणि टाळ्या वाजवत तो पुढं निघाला. "चल ओवेन! लाव जोर!"

मॉरीननं मान खाली घालून टाके मोजायला घेतले.

जॉस नाडी बांधून आपल्या जागी गेला. ओवेन आपल्या खुणेपर्यंत चालत गेला, वळला आणि त्यानं दोरीकडे पाहिलं. नेरिस उभी राहिली. तिनं हात वर केला, पंजा उघडा, थांब म्हणतात तसा. ओवेननं मान हलवली. त्यानंही हात वर करून दाखवला, आणि धावत सुटला.

पुढचा पाय आपटल्याचा आवाज आधी आला. मग त्याच्या घशातून निघालेला दुसरा. मग यष्ट्या उडाल्याचा. म्हाताऱ्यांनी ब्लँकेटांतून हात बाहेर काढून टाळ्यांचा कडकडाट केला.

नेरिसनं वर पाहिलं नाही. ती मॅबलच्या पायाशी बसली होती. एक गाठ, तिच्यावर दुसरी, टोकं आत, मग आणखी एक, आवळून.

"ममा," मॅबल म्हणाली, "दुखतंय."