गिळायचा शब्द

पहिलं चित्र जिन्याचं होतं. हॉस्पिटलात परीक्षा घ्यायला आलेल्या मिस प्रिचर्डने ते क्लिफच्या पुढ्यात ठेवलं आणि हे काय आहे, असं अगदी मायेने विचारलं. क्लिफ चित्राकडे बघत राहिला. खिडकीपाशी बसलेल्या त्याच्या बायकोने, बेरिलने, पर्सचा पट्टा बोटाला गुंडाळून घट्ट केला.

शब्द आठवायच्या या परीक्षेत पास झाला तर क्लिफ आज तिच्याबरोबर घरी येणार होता. नापास झाला तर क्लॅक्टनला, समुद्राकाठच्या वृद्धाश्रमात. तिथून कोणी परत येत नाही, हे बेरिलला कोणी सांगायची गरज नव्हती.

मागच्या खेपेला तो नापासच झाला होता. डॉक्टरने चहाचा कप दाखवला तर म्हणाला, "रोझी." टोपी दाखवली तर म्हणाला, "टिटफर." वर डॉक्टरला म्हणाला, एवढंही येत नाही का तुला. डॉक्टर बाहेरगावचा, त्याने शून्य दिलं. बेरिलने मग हॉस्पिटल डोक्यावर घेतलं. उभा जन्म बेथनल ग्रीनच्या बाजारात भाजी विकलेली बाई, तिच्याशी घासाघीस करून कोण जिंकणार? माझ्या नवऱ्याचं डोकं ठिकाणावर आहे, तुमचे कान नाहीत, असं ती ज्याला त्याला सांगत सुटली. आमच्याकडे चहाला रोझीच म्हणतात, ते बरोबर धरा म्हणाली. शेवटी धरायचं ठरलं. फक्त ते ठरेपर्यंत हिवाळा सरून ईस्टर आला. एवढ्या दिवसांत क्लिफ फारसा बोलला नाही. परीक्षेसाठी राखून ठेवतोय, असं बेरिल नर्सला सांगायची, आणि नर्स हसायची म्हणून स्वतःही हसायची.

"ॲपल्स अँड पेअर्स," क्लिफ म्हणाला.

मिस प्रिचर्डचा चेहरा खुलला. पोरगी कष्टाळू होती, सगळं वाचून आली होती. पेअर्स जुळतं स्टेअर्सशी, म्हणजे जिना. तिने बरोबरची खूण केली.

बेरिलने मान वर केली.

त्यांच्या गल्लीत जिन्याला नुसतं 'ॲपल्स' म्हणतात. जो शब्द जुळतो, तोच गिळायचा. तो गिळला नाही तर शेजारी उभ्या पोलिसालाही कळेल, मग एवढा खटाटोप करायचा कशाला? अख्खी जोडी म्हणणारे लोक बाजारात यायचे ते रविवारी, गळ्यात कॅमेरे अडकवून. क्लिफ त्यांचं तोंडभर कौतुक करायचा आणि पिशवीत ढिगामागचे मऊ टोमॅटो भरायचा.

तेच चाललंय, बेरिलला वाटलं. पोरीची फिरकी घेतोय. आता माझ्याकडे बघून डोळा मारील.

दुसरं चित्र टेलिफोनचं होतं. "डॉग अँड बोन," क्लिफ म्हणाला. पाठ केलेली प्रार्थना म्हणावी तसं, शेवटच्या शब्दापर्यंत. डोळा काही मारला नाही.

"क्लिफ," बेरिल म्हणाली, "ही गिऱ्हाईक नाहीये रे. घरच्यासारखं बोल की."

मिस प्रिचर्डने तिला हळूच थांबवलं. मदत करायची नसते, आणि त्यांचं बरोबरच येतंय, म्हणाली. मग टोपीचं चित्र ठेवलं. क्लिफने त्याच्यावर बोट ठेवलं, ओठ हलवून पाहिले. "टिट फॉर टॅट," तो म्हणाला, आणि बरोबर आलं का म्हणून पोरीच्या तोंडाकडे बघत राहिला.

बेरिलने पर्सचा पट्टा सोडला.

चित्रं संपली. मिस प्रिचर्डने कागद आवरले आणि शेवटचं म्हणून बेरिलकडे हात केला. या बाई तुमच्या कोण, तिने विचारलं.

क्लिफ वळला. बाजाराच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत सगळे जिला 'ट्रबल' म्हणून ओळखायचे, कारण तो भर गर्दीत "ए ट्रबल, कांदे संपले गं" असं ओरडायचा, त्या बाईकडे त्याने नीट बघितलं. मग अदबीने हसला. पहिल्यांदाच गाड्यासमोर आलेला आणि भाजीवालीला खूश करू बघणारा माणूस हसतो तसं.

"ट्रबल अँड स्ट्राइफ," तो म्हणाला.

"स्ट्राइफ, वाइफ!" मिस प्रिचर्डला राहवलं नाही. तिने उठून बेरिलचे दोन्ही हात धरले. "तुमचंच खरं होतं, मिसेस हॉकिन्स. सगळे शब्द शाबूत आहेत त्यांचे. घेऊन जा घरी."

बेरिलने तोंड उघडलं. खरं सांगितलं तर क्लॅक्टन. आणि सांगायचं तरी काय? तो चुकला तेव्हा बरोबर होता आणि आता बरोबर आला म्हणून संपला, हे कुठल्या रकान्यात बसणार? शिवाय सौदा तिचाच. आपणच भांडून घेतलेला माल परत करायचा नसतो, हे तिने आयुष्यभर दुसऱ्यांना सुनावलं होतं.

"शाबूत आहेत गं पोरी," ती म्हणाली, आणि घरी न्यायच्या कागदावर सही केली.

खाली टॅक्सी उभी होती. ड्रायव्हरने दार उघडलं. क्लिफ दाराशी थबकला, आत कुठे जायचं ते कळेना. बेरिलने त्याच्या कोपराला हात लावला, जेमतेम, बोटांच्या टोकांनी.

"इकडून या," ती म्हणाली. "डोकं सांभाळा."