तीन थापा आणि एक

सीमेवरच्या लढाईत उजवा हात गमावून गुरुशांत सोलापूरला परतला, तेव्हापासून नवरा-बायकोचं बोलणंच आटलं होतं.

पूर्वी सुट्टीवर आला की भाकरी तोच थापायचा. तीन थापा, मग जरा थांबून एक. महानंदा हसायची, "तुमी भाकरी थापताय का हलगी वाजवताय?"

आज दुपारी ती अंगणात शेंगा फोडत होती, तो शेजारी बसला होता. घरात तिसरं कुणी नव्हतं.

स्वयंपाकघरातून आवाज आला. तीन थापा, मग जरा थांबून एक.

सवयीनं तिला आधी हसूच आलं. मग भाकरीचा खरपूस वास आला.

"अहो, आत कोण हाय?"

गुरुशांत एकदम कळवळला. रिकाम्या बाहीवर फुंकर घालत म्हणाला, "तवा लई तापलाय गं."