तेवढं एक थडगं

यादवी युद्ध संपून वर्षं लोटली, तरी दर मे महिन्यात कॅप्टन स्ट्रोड गावच्या दफनभूमीत आपल्या तुकडीतल्या प्रत्येक शिपायाच्या थडग्यावर छोटा झेंडा रोवायचा. पळपुटा म्हणून गोळ्या घातलेल्या अ‍ॅन्सेलचं थडगं तेवढं वगळायचा. यंदा मात्र तो ओहायोच्या विधानसभेला उभा होता, आणि अ‍ॅन्सेलचे भाऊ मतदार होते. गावादेखत वाकून त्यानं तिथंही झेंडा रोवला. "मतांचा वास लागला वाटतं," मागून कुणीतरी पुटपुटलं. कॅप्टननं ऐकून न ऐकल्यासारखं केलं. "हे नियमात बसत नाही, हॅस्केटबाई," तो अ‍ॅन्सेलच्या म्हाताऱ्या आईला म्हणाला, "पण तुमच्यासाठी केलं." "तेव्हा मी तंबूत येऊन तुमच्यापुढे गुडघे टेकले. पोरासाठी एक शब्द टाका म्हटलं, तर म्हणालात, नियमापुढे माझं काही चालत नाही." म्हातारीनं झेंडा उपटून त्याच्या हातात ठेवला. "चालत होतं की."