खोलीची शांतता

शालूबाईंची मुलाखत आटोपली. गावागावांत मुली कमी का होत गेल्या, यावर कल्याणी माहितीपट करत होती आणि सेनगावकडच्या त्या खेड्यात या एकट्या आजीच बोलायला तयार झाल्या होत्या. त्याही दोन तासांत फिरून फिरून एवढंच म्हणाल्या, "मला तिन्ही पोरंच झाली बाई. लेक देवानं दिलीच न्हाई."

निघण्याआधी कल्याणीनं नेहमीप्रमाणे खोलीची शांतता टिपायला घेतली. संकलन करताना आवाजातले जोड झाकायला ती लागतेच. "आजी, एक मिनिट अगदी गप्प बसायचं हं," म्हणत तिनं हेडफोन चढवला. भर दुपार, दार लावलेलं, पंखाही बंद.

विसाव्या सेकंदाला तिनं रेकॉर्डिंग थांबवलं.

"शेजारी तान्हं बाळ आहे का? रडतंय."

"न्हाई. काहून?"

दुसऱ्यांदा तेच, तिसऱ्यांदाही तेच. हेडफोन काढला की खोली चिडीचूप. लावला की ते रडणं, चुलीच्या कोपऱ्यातून आल्यासारखं. "मशीनच बिघडलं वाटतं," कल्याणी पुटपुटली.

शालूबाईंनी हात पुढं केला. "आण इकडं. मला ऐकू दे."

पदर सारून त्यांनी हेडफोन लावला, डोळे मिटले. हळूहळू त्यांची मांडी हलायला लागली, लेकराला निजवताना हलते तशी.

"मशीन बराबर हाय तुझं," त्या म्हणाल्या. "ही धाकटी. थोरलीला म्या रडूच दिलं न्हवतं."