गेट नंबर तीन

मोठ्या सामन्याला जाणं ही युद्धमोहीम असते. बेसावध माणूस गेटवरच मारला जातो. म्हणून दीपनगरच्या वीज केंद्रातून निवृत्त झालेल्या उखर्डूनानांनी आठवडाभर आखणी केली. त्यांची लेक सुलक्षणा व्यावसायिक हॉकी लीगमध्ये गोलकीपर होती. फोनवर दरवेळी सांगायची, "गर्दी इतकी असते आबा, की स्वतःचा आवाज ऐकू येत नाही." त्या गर्दीत नानांना एकदा तरी तिला दिसायचं होतं. भुसावळहून आदल्या दिवशीची गाडी, गेट नंबर तीन, सामन्याच्या तीन तास आधी. चेंगराचेंगरीत पाय तुडवले जातील म्हणून कामावरचे जाड बूट. डबा आत नेऊ देत नाहीत असं कळल्यामुळे कळण्याची भाकरी त्यांनी गेटबाहेर उभ्याउभ्याच खाल्ली.

रखवालदाराने तिकिटाकडे पाहिलंही नाही. "बसा कुठंही, काका."

नाना नंबर शोधून आपल्याच खुर्चीवर बसले.

सामना संपल्यावर सुलक्षणा कुंपणाच्या जाळीपाशी आली.

"इतक्या गर्दीत मी तुले दिसलो का, माय?"

"लगेच दिसले, आबा."

स्टँडमध्ये खुर्च्या नऊ हजार होत्या आणि माणूस एक.