कड्यावरचा पतंग

निवृत्त कीटक-अभ्यासक दर उन्हाळ्यात तोच डोंगर चढायचे, नखाएवढा राखाडी पतंग शोधायला. बावीस वर्षं ते हात हलवत परत आले. यंदा गुडघ्यांनी दगा दिला, म्हणून लेक गेली.

दुपारी तिचा फोन आला. "बाबा, सापडले! कड्यावर ऊन खात बसलेत. चांगले अकरा आहेत!"

त्यांनी फोन कानाशी घट्ट धरला.

"संग्रहालयासाठी एक आणू?"

"हात लावू नकोस!" ते ओरडलेच.

फोन ठेवून ते ढसाढसा रडायला लागले. बायको घाबरली. "अहो, बातमी तर आनंदाची आहे ना?"

"बावीस वर्षांपूर्वी मी एकाला टाचणी लावली होती," ते डोळे पुसत म्हणाले. "त्यानंतर एकही दिसला नाही गं. मला वाटायचं, शेवटचा मीच मारला."